पुढे काय होणार हे माहीत असलेला सिनेमा

प्रिय मित्रा,

ऑटिस्टिक प्रेक्षकांसाठी तू शांत सिनेमांचे खेळ लावणार आहेस, त्यासाठीची तुझी २० सिनेमांची यादी मिळाली. मेहनत घेतलीयस, दिसतंय. पण प्रत्येक नावापुढे 'शांत, सौम्य, लहान मुलांना चालेल' एवढंच लिहिलंयस आणि येणाऱ्यांपैकी निम्मे जण विशीतले आहेत, हेही तूच सांगतोस. २३ वर्षांच्या माणसाला सशाच्या पिल्लाची गोष्ट लावून द्यायची, का तर तो ऑटिस्टिक आहे? गोंगाट सोसवत नाही म्हणून कुणाचं वय कमी होत नाही. तसली पाच-सहा नावं आधी खोडून टाक, मग पुढचं वाच.

मी पहिल्यांदा असा खेळ लावला तेव्हा माझंही तुझ्यासारखंच झालं होतं. फिकट रंग, संथ संगीत, एक मुलगी आणि तिची आजी. आवाजही मी बेताचाच ठेवला होता. अकराव्या मिनिटाला वाढदिवसाच्या प्रसंगात एक फुगा फुटला. पहिल्या रांगेतला नऊ वर्षांचा मुलगा कानांवर हात घट्ट दाबून टेबलाखाली शिरला, तो सिनेमा संपेपर्यंत बाहेर आला नाही. पुढच्या आठवड्यात त्याने स्वतःची आवडती चित्रफीत आणली. सगळी आगगाड्यांची. खडखडाट, ब्रेकचा कर्कश आवाज, शिट्ट्या. मी धास्तावून त्याच्याकडेच बघत बसले. प्रत्येक शिट्टीच्या दोन सेकंद आधी तो तळवे कानांवर ठेवायचा, शिट्टी गेली की काढायचा आणि हसायचा. 'आता शिट्टी येते,' असं मलाही सांगायचा, म्हणजे मी दचकू नये.

शांत सिनेमा म्हणजे काय, ते मला या मुलाने शिकवलं. आवाजाची पट्टी नंतर बघू. पुढे काय येणार हे माहीत असेल तर मोठा आवाजही झेलता येतो, आणि माहीत नसेल तर फुगासुद्धा पुरतो. म्हणून कुणी एकच सिनेमा चाळिसाव्यांदा मागितला तर 'आता दुसरं काहीतरी बघू या' म्हणू नकोस. त्याच्यासाठी त्याहून शांत सिनेमा तुझ्या यादीत नाही.

ऑटिस्टिकसाठी मराठीत वापरला जाणारा 'स्वमग्न' हा शब्द मला कधीच पटला नाही, हे जाता जाता सांगते. स्वतःत बुडालेलं माणूस म्हणायचं, आणि बाहेरचं तर त्याच्या आत नको तितकं शिरत असतं! अर्थात सगळ्यांचं तसं नसतं. ऑटिझमच्या निदानासाठी वापरल्या जाणाऱ्या डीएसएम-५ या पुस्तिकेने २०१३ साली संवेदनांचा मुद्दा निकषांत घेतला, तेव्हा त्यात दोन्ही टोकं घेतली, फार जाणवणं आणि फार कमी जाणवणं. आमच्याकडे एक मुलगी स्पीकरला तळहात टेकवून बसायची. तिला दणका हवा असायचा. मिळमिळीत सिनेमा लावला की ती उठून दिवे चालू-बंद करत बसे. तेव्हा 'ऑटिस्टिक प्रेक्षकांना काय चालतं' असं मला विचारू नकोस. येणाऱ्या प्रत्येकाबद्दल त्याला स्वतःला किंवा घरच्यांना विचार.

आता सिनेमा पारखायचा कसा ते सांगते. तीनदा बघ. कंटाळा येईल, इलाज नाही.

पहिल्यांदा डोळे मिटून. नुसतं ऐक. सरासरी आवाज किती यापेक्षा तो कुठे एकदम उसळी घेतो, ते टिपायचं. आवाज १० डेसिबलने वाढला की कानाला तो साधारण दुप्पट वाटतो. कुजबुजीनंतर दार आपटलं तर मधली उडी केवढी असेल, बघ. बाळाचं रडणं, सायरन, शाळेची घंटा, काच फुटणं, सगळ्यांनी एकदम टाळ्या पिटणं, हे मिनिटासकट लिहून ठेव. संवादांवर संगीत चढतं त्या जागाही लिही, कारण अनेकांना त्या दोन गोष्टी वेगळ्या काढता येत नाहीत. टीव्हीवर 'नाइट मोड' असेल तर तो लाव. त्याने बारीक आणि मोठ्या आवाजातलं अंतर कमी होतं. नुसता व्हॉल्यूम उतरवला तर संवाद ऐकू येईनासे होतात आणि दणका मात्र दणकाच राहतो.

दुसऱ्यांदा आवाज बंद करून. कॅमेरा हिंदकळतो का, चित्रं भराभर बदलतात का, पडदा लुकलुकतो का. शेवटची गोष्ट नुसत्या त्रासाची नाही, धोक्याची आहे. १९९७च्या डिसेंबरात जपानमध्ये पोकेमॉनच्या एका भागात लाल-निळा प्रकाश सेकंदाला साधारण १२ वेळा लुकलुकला आणि शेकडो मुलांना रुग्णालयात न्यावं लागलं. काहींना झटके आले होते. ऑटिझमबरोबर अपस्मार, म्हणजे असे झटके येण्याचा आजार, असण्याचं प्रमाण इतरांपेक्षा जास्त असतं. म्हणून घरच्यांना झटक्यांबद्दल आधीच विचार. सेकंदाला तीनपेक्षा जास्त लखलखाट दिसला, की कथा कितीही गोड असो, तो सिनेमा बाद.

तिसऱ्यांदा नेहमीसारखं, पण मनावर लक्ष ठेवून. आपण सगळे इथेच फसतो. 'फाइंडिंग निमो' सगळ्यांनी बघावा असा सिनेमा म्हणून लावला जातो, आणि पहिल्या काही मिनिटांतच निमो या माशाच्या पिल्लाची आई जाते आणि एक सोडून बाकीची सगळी अंडीही जातात. 'द रेड बलून' या १९५६च्या फ्रेंच लघुपटात संवाद जवळजवळ नाहीत, लांबी अर्ध्या तासाहून थोडीच जास्त, वरवर पाहता अगदी हवा तसा. पण शेवटाकडे मुलांची टोळी एका मुलाशी दोस्ती केलेल्या त्या लाल फुग्याच्या मागे लागते आणि त्याचा जीव घेते. (फुग्यांशी माझं जुनं वैर आहे असं तुला वाटेल. असेलही.) नंतर शहरभरचे फुगे धावून येतात, ते खरं. पण तोवर एखाद्याच्या मनात तो चिरडलेला फुगाच बसलेला असतो, आणि पुढचे आठ दिवस घरच्यांना त्याबद्दलचा तोच प्रश्न ऐकावा लागतो. ऑटिस्टिक माणसांना भावना कळत नाहीत असं जो म्हणतो, त्याला एकदा त्या आठ दिवसांत राहायला पाठवायला हवं.

म्हणजे दुःख अजिबात नको, असं नाही. 'माय नेबर टोटोरो' तुझ्या यादीत आहे, तो ठेव. १९८८चा, ८६ मिनिटांचा, खलनायक नाही, पावसाचे आणि झाडांचे लांबलचक, निवांत प्रसंग. पण त्यातली आई रुग्णालयात आहे आणि शेवटी धाकटी मुलगी हरवते. हे आधीच सांगून टाक. मुलगी हरवते, ती सापडते, आई बरी होत असते, एवढ्या तीन ओळी. शेवट सांगितला की मजा जाते हा नियम आपण आपल्यापुरता ठेवू. एका पानावर चित्रांसकट प्रसंगांचा क्रम काढून दोन दिवस आधी घरी पाठव. आमच्याकडे एक तरुण ते पान मांडीवर ठेवून बसायचा आणि झालेल्या प्रसंगावर पेन्सिलीने काट मारायचा. शेवटची काट मारली की माझ्याकडे बघून मान हलवायचा.

खोलीबद्दल फार सांगत नाही, तुला कळतंच. जाहिराती आणि ट्रेलर नकोत. पूर्ण अंधार नको. उठायला, फिरायला, हात फडफडवायला, मोठ्याने हसायला मोकळीक हवी. अमेरिकेत २००७पासून एएमसी या साखळीची चित्रपटगृहं ऑटिझम सोसायटी या संस्थेबरोबर असे खेळ लावतात, तेही दिवे थोडे चालू आणि आवाज कमी ठेवूनच. शेजारी एक रिकामी, शांत खोली असू दे. तिथे गेलेल्याच्या मागे 'बरा आहेस ना?' करत जाऊ नकोस, प्रश्न हाही एक आवाजच आहे. आणि शेवटची नामावली मध्येच बंद करू नकोस. ती संपल्याशिवाय ज्यांचा सिनेमा संपत नाही, असे निदान दोघे तरी तुझ्याकडे निघतील.

नवी यादी पाठव. पाचच नावं असली तरी चालतील, पण मिनिटांसकट हवीत.

तुझी,
ताई

ता. क. सजावटीला फुगे आणू नकोस.