मराठवाड्यासारख्या भागाची वाढ व्हावी म्हणून तंत्रज्ञान धोरणात सरकारने पैसा आधी कुठे घालावा?

जे तंत्रज्ञान आधीच आहे ते छोट्या कारखान्यांपर्यंत आणि शेतापर्यंत पोचवण्यात. नव्या शोधांचा नंबर त्यानंतर. छत्रपती संभाजीनगरजवळच्या वाळूज औद्योगिक वसाहतीत सुटे भाग बनवणाऱ्या एका युनिटमध्ये मी क्वालिटी बघतो, म्हणून सांगतो. गाडीच्या कंपनीला माल द्यायचा तर जॉबच्या, म्हणजे घडवलेल्या भागाच्या, भोकांचं अंतर मायक्रॉनमध्ये मोजलेला रिपोर्ट लागतो, आणि त्यासाठीचं सीएमएम हे मापं अगदी अचूक घेणारं मशीन दोन-चार लेथ चालवणाऱ्याच्या आवाक्याबाहेरचं असतं. सरकार आणि उद्योजकांनी मिळून उभारलेल्या मराठवाडा ऑटो क्लस्टरसारख्या ठिकाणी पैसे भरून तपासणी करून मिळाली, की तोच माणूस मोठी ऑर्डर घ्यायची हिंमत करतो. प्रत्येकाला सुटं मशीन वाटण्यापेक्षा अशा सामायिक सोयीला दिलेलं अनुदान कितीतरी कामाचं. दक्षिण कोरियाने १९६६ मध्ये किस्ट ही संशोधन संस्था काढली तीसुद्धा उद्योगांच्या गरजा डोळ्यांपुढे ठेवूनच.

शेतीचंही तेच. परभणीच्या कृषी विद्यापीठाने इक्रिसॅट या आंतरराष्ट्रीय पीक संशोधन संस्थेबरोबर लोह-जस्त जास्त असलेली 'परभणी शक्ती' ज्वारी २०१८ मध्ये आणली. पण बियाणं वेळेवर आणि मालाला भाव मिळाल्याशिवाय शेतकरी सोयाबीन सोडून तिकडे वळणार कसा?

एक अट मात्र आहे. आयटीआय करून आलेल्या पोराला ड्रॉइंगवरचा टॉलरन्स, म्हणजे मापात चालणारा फरक, वाचता येत नसेल, तर प्रयोगशाळा कितीही भारी असो, रिजेक्शन, म्हणजे नापास होऊन परत येणारा माल, कमी होत नाही. प्रशिक्षणाचा खर्च त्याच योजनेत धरायला हवा.