जयश्री गडकरांसारखी नऊवारी आणि दागिने लग्नात घालायचे तर काय काय घ्यावं?

तुमच्या पार्लरवालीनं यादी दिली आहे: हिरवी पैठणी, नथ, ठुशी, तन्मणी, बुगडी, कंबरपट्टा. चुलत बहिणीच्या लग्नात हे सगळं घातलं की जयश्री गडकर दिसेन का, असं विचारलंय. नाही दिसणार.

आधी कोणत्या जयश्रीबाई ते ठरवा. १९५९ च्या ‘सांगत्ये ऐका’त ‘बुगडी माझी सांडली गं’वर नाचणारी वेगळी आणि १९६५ च्या ‘साधी माणसं’मधली लोहाराची बायको वेगळी. पहिलीला दागिना हवाच. दुसरीच्या अंगावर घरात असेल तेवढाच. आणि हिरवी पैठणी कुठून आली? दोन्ही सिनेमे कृष्णधवल! त्यात दिसतो तो काठ, लुगड्याच्या गडद अंगावर उठून दिसणारा.

हे मी एवढं तावातावानं लिहितेय, कारण १९८४ साली आठवीत असताना शाळेच्या गॅदरिंगमध्ये मी ‘साधी माणसं’मधल्या ‘ऐरणीच्या देवा’ या गाण्यातली लोहारीण झाले होते. भंडारा जिल्ह्यात, पवनी तालुक्यातलं आमचं गाव. बाईंनी नाटकाच्या पेटीतून मोत्याची नथ, ठुशी आणि कुणाचा तरी भरजरी शालू काढला. मला नेसवायला आजी आली होती, येताना स्वतःचं लुगडं घेऊन. वांगी रंगाचं, चार बोटं रुंद काठाचं, घड्यांवर विरत आलेलं, धुऊन धुऊन मऊ झालेलं. बाईंनी नथ पुढे केली तशी आजी म्हणाली, “लोहारनीच्या नाकात मोत्याची नथ काहाले जी बाई? ठिणगी उडाली त मोती जळतीन ना.”

मग तिनं कासोटा असा घट्ट खोचला की मला श्वास घेता येईना. लुगडं घोट्याच्या चार बोटं वर, पदर कमरेला खोचलेला. काळ्या दोऱ्यात तिथंच बसून काळे मणी ओवले आणि पोत केली. हातात सहा-सहा काचेच्या बांगड्या. कपाळाला आधी मेण लावलं, त्यावर बोटानं पिंजर दाबली. त्या मेणाचा वास अजून आठवतो. बाई म्हणाल्या, “फार गरीब दिसते हो,” आणि मला मागच्या रांगेत उभं केलं. लोहारीण मी, आणि पुढे शालूवाल्या मुली! बक्षीसही त्यांनाच. आजी घरी जाईपर्यंत एक शब्द बोलली नाही. चूक बाईंची होती, हे मी आज चाळीस वर्षांनीही म्हणेन.

तर तुमच्यासाठी. पैठणी सोडा, आपली विदर्भातली करवती साडी घ्या. अंग कोशाच्या (टसर) रेशमाचं, काठाला करवतीच्या दात्यांसारखी नक्षी. मोहाडी-आंधळगावकडे विणतात. हल्ली बहुतेक सहावारीच असते, नऊवारी हवी तर आधी सांगून ठेवा. गळ्यात डोरल्याची पोत, म्हणजे मंगळसूत्र, किंवा एकदाणी, म्हणजे सोन्याच्या मण्यांची माळ; दोन्ही नकोत. बुगडी आवडत असेल तर घाला, पण मग ठुशी-तन्मणी घरी ठेवा. कानाच्या वरच्या पाळीला भोक नसलं तरी चापाची मिळते, मात्र ती सैल होते, अधूनमधून हात लावून पाहा. शिवलेली नऊवारी मला अजिबात पटत नाही, त्यात कासोट्याचा ताणच येत नाही.

हां, एक आहे. लग्न आहे, गॅदरिंग नाही. तुमचं लग्न झालेलं नसेल तर पोत अर्थातच नको. घरच्यांनी नथीचा आग्रह धरला तर वाद घालू नका. आणि दिवसभर पंगतीत वाढायचं असेल तर शिवलेली चालेल एक वेळ.

पण घरात एखाद्या म्हाताऱ्या बाईला लुगडं नेसता येत असेल, तर पार्लरवालीला थांबवून तिच्याच हातून नेसा. आणि ती म्हणाली नथ काढ, तर काढा.