गेटिसबर्गला ‘नुसती शेतं’ बघायला जावं का?

तुमचा प्रश्न असा: आई-बाबा भारतातून आलेत, न्यू जर्सीहून अमेरिकेच्या यादवी युद्धातल्या गेटिसबर्गच्या रणभूमीवर न्यावं असं मनात आहे, पण तिथे शेतं आणि पुतळे सोडून काही नाही असं कुणीतरी सांगितलंय. मी म्हणेन, जरूर न्या. आणि ती शेतंच दाखवा.

किल्ले बघत वाढलेल्या आपल्या लोकांना तिथे पहिल्यांदा चुकल्यासारखं होतं. तट नाही, बुरूज नाही. १ ते ३ जुलै १८६३ या तीन दिवसांत पेनसिल्व्हेनियातल्या या गावाभोवती उत्तर आणि दक्षिण अशा दोन्ही बाजूंचे मिळून सुमारे ५१,००० सैनिक मेले, जखमी झाले, पकडले गेले किंवा बेपत्ता झाले. ते कसं घडलं हे तिथली जमीनच सांगते.

तुम्ही स्वतः तरी दक्षिणेचा जनरल पिकेट याच्या हल्ल्याची वाट पायी चालाच. व्हर्जिनिया राज्याच्या स्मारकापासून समोर उत्तरेच्या फौजेने धरलेल्या सेमेटरी रिज या टेकाडापर्यंत, जेमतेम मैलभर. तिसऱ्या दिवशी दुपारी सुमारे १२,००० दक्षिणी सैनिक हे अंतर तोफांच्या तोंडावर चालत गेले. गाडीतून ते रान सपाट दिसतं. चालायला लागलं की जमिनीचे चढउतार पायांना कळतात. खोलगट भागात थोडा आडोसा मिळतो, वर आलं की माणूस पुन्हा उघडा पडतो. मग एमिट्सबर्ग रस्त्याची लाकडी कुंपणं आडवी येतात. गोळ्यांच्या वर्षावात ती ओलांडायची म्हणजे काय, ते तिथे उभं राहिल्यावरच उमगतं. मी पुस्तकात तो हल्ला अनेकदा वाचला होता, समजला मात्र तिथे.

आई-बाबांना एवढं चालवणार नसेल तर परवानाधारक गाइड आधी ठरवून ठेवा. ही पद्धत १९१५ पासून आहे. अवघड परीक्षा देऊन आलेली ही माणसं तुमचीच गाडी चालवत सगळं मैदान फिरवून आणतात. त्यावर केलेला खर्च वाया जात नाही. मैदानात जायला तिकीट नाही, संग्रहालयाला आहे. तिथलं लढाईचं प्रचंड वर्तुळाकार चित्र चुकवू नका.

हे रान आपोआप असं राहिलेलं नाही, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. १८९० च्या दशकात एका कंपनीने रणभूमीतून विजेची ट्राम नेली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १८९६ मध्ये निकाल लागला की रणभूमी जपण्यासाठी सरकार जमीन ताब्यात घेऊ शकतं. तरीही १९७४ मध्ये शेजारच्या खाजगी जागेवर ३०७ फुटी मनोरा उभा राहिलाच. कुठेही उभं राहा, तो डोळ्यांत खुपायचा. अखेर सरकारने तो ताब्यात घेऊन ३ जुलै २००० रोजी पाडला. दक्षिणेचा सेनापती जनरल ली याचं मुख्यालय असलेल्या दगडी घराला मोटेलने वेढलं होतं. ती जागा एका संवर्धन संस्थेने देणग्या जमवून विकत घेतली, मोटेल पाडलं आणि परिसर पूर्ववत केला.

ही रणभूमी सांभाळणाऱ्या पार्क सर्व्हिस या सरकारी संस्थेने तर नंतर वाढलेली झाडीही तोडली, कारण १८६३ मध्ये तिथे मोकळी शेतं होती. झाडं तोडण्याला विरोध झाला आणि तो मी समजू शकतो. पण तोफ कुठून कुठवर पाहू शकत होती हेच दिसत नसेल, तर रणभूमी जपली असं कसं म्हणायचं? मला ते पटलं.

सकाळी लवकर पोहोचा, उन्हाळ्यात दुपारी सावली फार कमी मिळते. गवतात चालणार असाल तर लांब पँट घाला, गोचीड असतात. जमिनीवर जुनी गोळी किंवा बटण दिसलं तरी उचलू नका, तो गुन्हा आहे. पुतळ्यांवर आणि तोफांवर मुलांना चढू देऊ नका.

पुढे वॉशिंग्टनला जाणार असाल तर जवळची मानासास ही त्याच युद्धातली रणभूमीही बघा. १९९४ मध्ये त्या परिसरातलं डिस्नेचं नियोजित थीम पार्क लोकांच्या विरोधामुळे बारगळलं. अलीकडचा वाद रणभूमीला लागून येऊ घातलेल्या डेटा सेंटर्सचा आहे. तिथलं मोकळं रान बघून घ्या.