बंदीचा आदेश हातात पडला ती तारीख कोणती?

बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीत प्लेटिंगचा (धातूवर मुलामा चढवण्याचा) छोटा कारखाना असलेल्या एका वाचकाचं पत्र आलंय. प्रदूषण नियंत्रण मंडळाने कारखाना बंद करण्याचा आदेश दिला, हेस्कॉम या वीज कंपनीने वीज तोडली. आदेश कन्नडमध्ये असल्याने नीट कळला नाही. आता बेळगावच्या दिवाणी कोर्टात दावा लावून स्थगिती मिळेल का, असं ते विचारतात. निपाणी, खानापूरकडूनही अशी पत्रं येत असतात.

दिवाणी कोर्ट विसरा. १९७४ च्या जल प्रदूषण कायद्याचं कलम ५८ आणि २०१० च्या राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण कायद्याचं कलम २९ तो रस्ता बंद करतात. दावा दाखल करून घेतला, तरी तो चालवायचा अधिकार या कोर्टाला आहे का, एवढ्यावरच तारखांमागून तारखा पडतील आणि तुमची खरी मुदत निघून जाईल.

सगळं त्या मुदतीवर आहे. आदेश जल कायद्याच्या कलम ३३-अ खालचा असेल, तर अपील थेट हरित न्यायाधिकरणाकडे (पर्यावरणाच्या वादांसाठीचं खास न्यायालय), त्याच्याच २०१० च्या कायद्याच्या कलम १६ प्रमाणे, आदेश तुम्हाला कळवल्यापासून ३० दिवसांत. सबळ कारण दाखवलं तर आणखी ६० दिवसांपर्यंत सवलत मिळू शकते, पुढे एक दिवसही नाही. ९१ व्या दिवशी तुमचं कारण कितीही खरं असलं, तरी उशीर माफ करण्याचा अधिकार न्यायाधिकरणाकडे उरत नाही.

तुम्ही तारीखच कळवलेली नाही. 'गणपतीच्या आठवडाभर आधी पोस्टमनने सही घेतली' एवढंच लिहिलंय, आणि हे पत्र भाऊबीज झाल्यावरचं. म्हणजे ३० दिवस केव्हाच गेले, ९० भरायला जेमतेम तीन आठवडे असतील. रजिस्टरचं पाकीट कपाटात ठेवून दिलंत आणि वीज तुटल्यावर कचेरीत अर्जावर अर्ज देत बसलात, कारण 'साहेब बघतो म्हणाले'. साहेबांच्या बघतो म्हणण्याने मुदत थांबत नाही. हे कितीदा लिहायचं?

कन्नडची अडचण खरी आहे, सीमाभागात ती कुणाला चुकलेली नाही. घटनेच्या अनुच्छेद ३५० प्रमाणे गाऱ्हाणं मराठीत मांडायचा हक्क तुम्हाला आहे; पण मंडळाचा आदेश मराठीतच आला पाहिजे, असं तो अनुच्छेद म्हणत नाही. भाषा कळली नाही हे कारण उशीर माफीच्या अर्जात जरूर मांडा. मानतील की नाही, सांगता येत नाही. पण तुमच्याच कारखान्यात कन्नड वाचणारे कामगार असतील, त्यांच्याकडून पाकीट त्याच दिवशी का वाचून घेतलं नाही?

आदेशावर हवा कायद्याचं कलम ३१-अ सुद्धा आहे का, ते बघा. आम्लाच्या वाफांची तक्रार असेल तर असू शकतं. त्याचं अपील आधी राज्याच्या अपील प्राधिकरणाकडे जातं, त्यालाही मुदत ३० दिवसांचीच. दोन्ही कलमं असतील तर दोन्हीकडे जावं लागेल.

न्यायाधिकरणाचं पुण्याचं पीठ जवळ आणि वकील मराठी, म्हणून तिथे अपील करू का, असंही विचारलंय. नाही. कर्नाटकातला कारखाना चेन्नईच्या दक्षिण पीठाकडे येतो. आदेशाचा इंग्रजी अनुवाद करायला आजच द्या. उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात रिट याचिका करता येते, विशेषतः बाजू मांडायची संधी न देताच बंदी आली असेल तर. पण अपिलाची सोय असताना ते दाद देतीलच, असा भरवसा मी देणार नाही.

पत्राच्या शेवटी जाता जाता लिहिलंय की रात्री जनरेटरवर 'थोडं काम' चालू आहे. ते आज रात्रीपासून बंद. आदेश मोडल्याची वेगळी कारवाई होईलच, शिवाय अंतरिम स्थगिती मागताना तुमच्या वकिलाला बोलायला तोंड राहणार नाही. आणि कायदा क्षणभर बाजूला ठेवा: क्रोम-निकेलचं पाणी नाल्यात सोडलं की ते कुणाच्या तरी शिवारात आणि विहिरीत जातं. बळ्ळारी नाल्याची काय दशा झाली आहे, ते तुम्ही येता-जाता पाहताच.

अपील दाखल केलं म्हणून वीज लगेच येत नाही. त्रुटी दूर केल्याचं दाखवून मंडळाकडूनच आदेश मागे घ्यायला लावणं कधीकधी लवकर साधतं, मात्र त्याच्या भरवशावर अपील लांबवू नका. ईटीपी (सांडपाणी शुद्ध करायची यंत्रणा) दुरुस्त करून घ्या, दुरुस्तीची बिलं आणि गाळ उचलून नेल्याच्या पावत्या तारीखवार लावा. कन्सेंटची (कारखाना चालवायला मंडळाने दिलेल्या संमतीची) मुदत संपली असेल तर नूतनीकरणाचा अर्ज भरा आणि त्याची पोच अपिलाला जोडा.