प्रश्न तुमचे : दाखला आहे, व्हॅलिडिटी नाही

प्रश्न : आम्ही माळी, ओबीसी. मुलगी अकरावी सायन्सला आहे, पुढे इंजिनिअरिंग करायचं म्हणते. प्रांत ऑफिसचा जातीचा दाखला काढलेला आहे. तेवढा पुरेल ना? आजोबा शाळेत गेलेले नाहीत. (एक पालक, सातारा जिल्हा)

उत्तर : नाही पुरणार. राज्याच्या कोट्यातल्या राखीव जागेसाठी जिल्हा जात पडताळणी समितीचं वैधता प्रमाणपत्र लागतं, ज्याला सगळे व्हॅलिडिटी म्हणतात. अर्ज ऑनलाइन भरून कॉलेजमार्फत आत्ताच टाका. बारावीच्या निकालानंतर समितीच्या दारात झुंबड उडते, आणि हातात नुसती पोचपावती असताना कॅपच्या, म्हणजे केंद्रीय प्रवेशाच्या, फेऱ्या सुरू होतात. पोचपावतीवर किती दिवस सवलत मिळेल ते त्या-त्या वर्षी ठरतं. मुदत हुकली की राखीव जागेवरचा हक्क गेला.

खरी दमछाक पुराव्याची. ओबीसींकडून १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीची, जात लिहिलेली नोंद मागतात. (अनुसूचित जातींना १० ऑगस्ट १९५०, जमातींना ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त-भटक्यांना २१ नोव्हेंबर १९६१. याच त्या मानीव तारखा.) आजोबा शिकले नसतील तर त्यांचे भाऊ, मुलीचे थोरले चुलते, आत्या यांपैकी कोण १९६७ पूर्वी पहिलीत बसलं होतं ते विचारा. आत्यांचा विसर हमखास पडतो. त्या शाळेतून प्रवेश-निर्गम नोंदवहीचा उतारा घ्या. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर भागवू नका, कारण शंका आली की समितीचं दक्षता पथक शाळेत जाऊन मूळ रजिस्टर उघडतं. रकान्यात नुसतं 'हिंदू' असेल तर जात सिद्ध होत नाही. पुढे वेगळ्या शाईनं, वेगळ्या अक्षरात 'माळी' घुसवलेलं असेल तर ते त्याहून वाईट. अशा नोंदीवर भिस्त ठेवू नका.

शाळेत काहीच सापडलं नाही तर तहसीलच्या अभिलेख कक्षात गाव नमुना १४, म्हणजे कोतवाल बुकाची नक्कल मागा. त्यात बाळाचं नाव बहुधा नसतं. बापाचं नाव, जात, मुलगा की मुलगी आणि तारीख, एवढंच. म्हणून तो बाप तुमच्या वंशावळीच्या शपथपत्रात (नमुना ३) त्याच नावानं यायला हवा. बुकात 'रामा' आणि सातबाऱ्यावर 'रामचंद्र' असेल, तर दोघे एकच असल्याचं शपथपत्र आधीच जोडा. मजकूर मोडीत असेल तर जाणकाराकडून देवनागरी लिप्यंतर करून घ्या.

प्रश्न : मूळ गाव लातूर जिल्ह्यात, राहतो पुण्यात. अर्ज कुठे करायचा? माझ्या बायकोकडे व्हॅलिडिटी आहे, ती मुलाला चालेल का?

उत्तर : लातूरला. आपल्या प्रवर्गाच्या मानीव तारखेला घराणं जिथलं रहिवासी होतं, तिथला दाखला आणि तिथलीच समिती. बायकोची व्हॅलिडिटी इथे कामाची नाही, पुरावा बापाकडचा लागतो. तुमची, तुमच्या भावाची किंवा सख्ख्या पुतण्याची असेल तर मात्र निम्मं काम झालं म्हणा. अपूर्वा निचळे प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयानं २०१० मध्ये सांगितलं आहे की पितृकुळातल्या रक्ताच्या नातेवाइकाला रीतसर वैधता मिळाली असेल आणि तीत फसवणूक नसेल, तर दुसऱ्याला नाकारू नये. नातं दाखवणारी वंशावळ तरीही लागतेच.

प्रश्न : नॉन-क्रिमीलेअर एकच काढलं तर सीईटी आणि जेईई दोन्हींना चालतं का?

उत्तर : नाही. नॉन-क्रिमीलेअर म्हणजे उन्नत (सधन) गटात मोडत नसल्याचं प्रमाणपत्र. सीईटीला, म्हणजे राज्यासाठी, प्रवेशाच्या वर्षानंतर येणाऱ्या ३१ मार्चपर्यंत वैध असलेलं लागतं. जेईईला, म्हणजे एनआयटी, आयआयटीला, केंद्राच्या नमुन्यातलं, त्या वर्षी १ एप्रिलला किंवा नंतर काढलेलं. त्याआधी आपली जात केंद्राच्या ओबीसी यादीत आहे का ते पाहा. राज्याच्या यादीत असली म्हणजे तिथेही असेलच असं नाही. अनुसूचित जाती-जमातींना नॉन-क्रिमीलेअर लागत नाही, तरी सेतू केंद्रावर त्याचेही पैसे घेतलेले आढळतात.