मुंबई बंद पडली तर हैदराबाद उठेल का?

प्रश्न : आमची सांगलीत पतसंस्था आहे. २०१९च्या पुरात मुख्य कार्यालयातला सर्व्हर पाण्यात गेला, तेव्हापासून सगळं एडब्ल्यूएस या अॅमेझॉनच्या क्लाउड सेवेच्या मुंबई रीजनमध्ये, म्हणजे तिथल्या डेटासेंटरच्या समूहात आहे. एक विंडोज मशीन, त्यावर एसक्यूएल सर्व्हर हा डेटाबेस. व्हॉल्यूम, म्हणजे डिस्क, चार : सिस्टम १०० जीबी, डेटा ५००, लॉग (बदलांची नोंदवही) १५०, टेंपडीबी (तात्पुरत्या कामाची जागा) १००. रोज रात्री एकेका व्हॉल्यूमचा स्नॅपशॉट, म्हणजे त्या क्षणाची प्रत, निघतो. आता लेखापरीक्षक विचारतात, मुंबईच बंद पडली तर? अध्यक्ष म्हणतात, शाखा अर्धा तास थांबल्या तर चालेल, पण एकही नोंद जाता कामा नये. हैदराबादला रेप्लिकेशन, म्हणजे सतत प्रत पाठवणं, कसं लावायचं?
— संगणक विभाग प्रमुख, सांगली

उत्तर : आधी अध्यक्षांशी बोला, व्हॉल्यूमना नंतर हात लावा. एकही नोंद जाऊ द्यायची नसेल, तर मुंबई आणि हैदराबाद दोन्हीकडे लिहून झाल्याशिवाय काउंटरवर पावती छापता येणार नाही. फायबरमधून प्रकाश सेकंदाला साधारण २ लाख किलोमीटर जातो. दोन्ही शहरांत सरळ रेषेत ६००हून जास्त किलोमीटर अंतर. जाऊन-येऊन सहा मिलिसेकंद तिथेच गेले, आणि केबल काही सरळ रेषेत टाकलेली नसते. एका पावतीला हे जाणवणार नाही. ३१ मार्चला खात्यांवर व्याज जमा करताना मात्र रात्र पुरणार नाही. शिवाय ईबीएस (एडब्ल्यूएसची डिस्क-सेवा) व्हॉल्यूमच्या अंतर्गत प्रती एकाच झोनमध्ये, म्हणजे रीजनच्या एकाच भागात, असतात. दुसऱ्या रीजनमध्ये त्याच क्षणी लिहायची सोय त्यात नाहीच.

म्हणून अध्यक्षांना असं विचारा : शेवटच्या मिनिटाच्या नोंदी गेल्या, तर त्या कशावरून परत भराल? पिग्मी एजंटच्या मशीनमध्ये दिवसाचं कलेक्शन असतं, काउंटरवर स्लिपा असतात. एनईएफटी बँकेच्या स्टेटमेंटशी ताडून घ्यावी लागेल. ही यादी कागदावर आली, की ‘एकही नोंद नाही’ हा हट्ट बहुतेक वेळा सुटतो.

आता रात्रीचे स्नॅपशॉट. त्यात दोन अडचणी आहेत. दुपारी चारला मुंबई गेली तर सकाळपासूनचं सगळं गेलं, ही एक. दुसरी जास्त वाईट : तुम्ही व्हॉल्यूम एकेक करून घेता. लॉग एक वाजताचा आणि डेटा एक वाजून दहा मिनिटांचा, अशी जोडी एसक्यूएल सर्व्हरपुढे ठेवली तर डेटाबेस उघडेलच याची खात्री नाही. २०१९पासून एका मशीनच्या सगळ्या व्हॉल्यूमचा एकाच क्षणाचा स्नॅपशॉट घेता येतो. कन्सोलमध्ये ‘व्हॉल्यूम’ऐवजी ‘इन्स्टन्स’ निवडायचं, बस. हे आजच करा, बाकीचं ठरेपर्यंत थांबू नका.

अर्ध्या तासाच्या अटीसाठी मी तुम्हाला इलॅस्टिक डिझास्टर रिकव्हरी ही एडब्ल्यूएसचीच सेवा सुचवते. मुंबईच्या मशीनवर एजंट नावाचा छोटा प्रोग्रॅम बसतो, डिस्कवर लिहिला जाणारा प्रत्येक ब्लॉक (डेटाचा तुकडा) टिपतो आणि टीसीपी १५०० पोर्टवरून हैदराबादच्या स्टेजिंग सबनेटमधल्या (प्रत साठवायला राखलेलं वेगळं नेटवर्क) लहानशा सर्व्हरकडे पाठवतो. तिथे तो साध्या, स्वस्त डिस्कवर साठतो. खरं मोठं मशीन वेळ येईल तेव्हाच उभं राहतं, म्हणून रोजचा खर्च आटोक्यात राहतो. मागे पडण्याचं अंतर सहसा सेकंदांत असतं, पण लाइन पुरली तरच. दिवसाला ४० जीबी बदलत असतील तर सरासरी ४ एमबीपीएससुद्धा लागत नाही, पण सरासरीवर जाऊ नका. व्याजाच्या रात्री एका तासात २० जीबी लिहिले गेले, तर ४५ एमबीपीएस लागेल. क्लाउडवॉच या एडब्ल्यूएसच्या मोजमाप सेवेत ‘व्हॉल्यूम राइट बाइट्स’चा मार्चअखेरचा आलेख काढा आणि त्यावरून ठरवा. इंडेक्स रीबिल्ड (डेटाबेसची शोधसूची नव्याने बांधणं) ज्या रात्री चालतं तीही रात्र पाहा. त्यात एक रुपया हलत नाही, पण ब्लॉक ढिगाने बदलतात.

टेंपडीबीची डिस्क रेप्लिकेशनमधून वगळा. एसक्यूएल सर्व्हर सुरू होताना ती फाइल नव्याने बनवतोच, मग दिवसभर तिचा कचरा हैदराबादला कशाला वाहायचा? फक्त तिकडे त्याच अक्षराचा ड्राइव्ह आणि तोच फोल्डर आधी तयार पाहिजे. फोल्डर नसेल तर सर्व्हिस सुरूच होत नाही, आणि आणीबाणीत पहिला अर्धा तास ‘डेटाबेस का उठत नाही’ यातच जातो.

रेप्लिकेशन इमानदार असतं. कोणी टेबल उडवलं, रॅन्समवेअरने फाइली लॉक केल्या, तर तेही काही सेकंदांत हैदराबादला पोचतं. म्हणून ताज्या प्रतीइतकंच मागचे क्षण जपणं महत्त्वाचं. ही सेवा शेवटच्या तासाचे दर दहा मिनिटांचे, दिवसाचे दर तासाचे आणि पुढे ७ दिवसांचे रोजचे टप्पे ठेवते. पतसंस्थेला ७ दिवस मला कमी वाटतात; वाढवून घ्या.

हैदराबाद रीजन नोव्हेंबर २०२२मध्ये सुरू झाला आणि तो खात्यात आपोआप चालू नसतो, आपण चालू करावा लागतो. कोटा, म्हणजे किती मशीन चालवता येतील याची मर्यादा, प्रत्येक रीजनचा वेगळा, तोही आधीच वाढवून मागा. एन्क्रिप्शनची किल्ली हैदराबादची वेगळी लागते. आणि निदान रोजचे स्नॅपशॉट तरी वेगळ्या खात्यात ठेवा, म्हणजे मुंबईचा पासवर्ड चोरणाऱ्याला ते पुसता येणार नाहीत. एडब्ल्यूएसच्या ठरीव किल्लीने बंद केलेला स्नॅपशॉट दुसऱ्या खात्याला देता येत नाही, तेव्हा किल्ली स्वतःची बनवा.

मग एखाद्या रविवारी हैदराबादचं मशीन खरोखर उठवा आणि एका शाखेतून त्यावर खातं उघडून पाहा. काही सॉफ्टवेअरचा परवाना मशीनच्या मॅक पत्त्याला (नेटवर्क कार्डाचा क्रमांक) बांधलेला असतो. तुमचा तसा असेल, तर व्हेंडरकडून दुसरा परवाना आताच लेखी घ्या.

प्रश्न : आमच्याकडे बॅकअप बिघडला तर मेल येतो. कधीच आलेला नाही. तरी तपासायची गरज आहे का?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : ३१ जानेवारी २०१७ला गिटलॅब या सॉफ्टवेअरचा कोड ठेवणाऱ्या कंपनीत एका इंजिनिअरने दुय्यम समजून मुख्य डेटाबेसच पुसला. रोजचा डंप (डेटाबेसची फाइलमध्ये काढलेली प्रत) शोधायला गेले तर तो होताच कुठे? डंप काढणाऱ्या प्रोग्रॅमची आणि डेटाबेसची आवृत्ती जुळत नसल्यामुळे तो निघतच नव्हता. तसे सांगणारे मेल सुटत होते, पण त्यांना डीमार्क (मेल खरोखर त्याच पत्त्यावरून आला का, हे तपासायची पद्धत) लावलेलं नसल्याने समोरचा मेल सर्व्हर ते नाकारत होता. सुदैवाने सहा तासांपूर्वी कोणीतरी वेगळ्याच कामासाठी एक स्नॅपशॉट घेऊन ठेवला होता, त्यावर निभावलं. तुम्ही मेल बिघाडाचा नको, ‘झाला’ असं सांगणारा रोज मागवा, त्यात फाइलचा आकारही असू द्या. आणि सकाळी तो आला नाही तर कोणी फोन उचलायचा, ते नावानिशी ठरवा.