सिस्टरांना न्यायचं तरी काय?

प्रश्न : ताई, मी ठाण्याची, वय ५२. शाळेत आम्हाला गणित शिकवणाऱ्या सिस्टर (ख्रिस्ती जोगीण) आता ८६ च्या आहेत, नवी मुंबईत त्यांच्याच संस्थेच्या वयस्कर सिस्टरांच्या घरात असतात. दोनेक महिन्यांनी ठाणे-वाशी लोकल पकडून भेटून येते. दिवाळीत चांगली ऊबदार शाल नेली, पुढच्या वेळी बघते तर ती शेजारच्या खाटेवरच्या सिस्टरांच्या अंगावर! जन्मभर पगार संस्थेला दिला, हातात पैसा नाही, मूलबाळ नाही, कधीही विचारलं की "मजेत आहे गं" एवढंच. फार वाईट वाटतं. चार महिने घरी आणू का?
– एक जुनी विद्यार्थिनी, नौपाडा

उत्तर : शाल गेली म्हणून रुसू नका हो. त्यांचं गरिबीचं व्रत आहे, चर्चच्या कायद्यातच आहे की पगार काय नि पेन्शन काय, सगळं संस्थेचं, आणि मग लागेल ते पुरवायचं कामही संस्थेचंच. शेजारणीला थंडी वाजत होती, शाल तिकडे गेली, विषय संपला.

घरी आणायचं म्हणाल तर, खरं सांगू, नको. सकाळची मिस्सा म्हणजे चर्चमधली उपासना, संध्याकाळची रोजरी म्हणजे जपमाळेची प्रार्थना आणि साठ वर्षं बरोबर राहिलेल्या बायका हे सगळं सोडून त्या तुमच्याकडे येणार, तुम्ही दिवसभर ऑफिसात आणि त्या टू बीएचकेमध्ये टीव्हीसमोर. तिथल्या प्रमुख सिस्टरांना, म्हणजे सुपीरियरना विचारून एक दिवस जेवायला आणा, ते मस्त.

पण त्या "मजेत आहे"वर अजिबात विसंबू नका. मागायचंच नाही ही साठ वर्षांची सवय आहे ती. मी एका सिस्टरांकडे जायचे, गप्पा मारायचे, त्या नुसत्या गोड हसायच्या, मला वाटायचं किती समाधानी बाई, तिसऱ्या खेपेला कळलं की कानाच्या मशीनचा सेल कधीचाच संपलाय आणि त्यांना माझं एक अक्षर ऐकू येत नव्हतं! तर सेलचं पाकीट न्या, नंबर आधी बघून घ्या, स्टिकर काढल्यावर मिनिटभर थांबून मगच बसवा, ते सेल हवेवर चालतात. चष्मा, कवळी, पायातली चप्पल, हे आपणच बघायचं.

आणि "जेवलीस का गं शोनू" असलं बोबडं बोलू नका. अ‍ॅना कॉर्विन नावाच्या अमेरिकन अभ्यासक तिकडच्या कॉन्व्हेंटमध्ये, म्हणजे सिस्टरांच्या मठात राहिल्या, त्यांना दिसलं की तिथल्या सिस्टर आपल्या आजारी सिस्टरांशीही असं बोलत नाहीत, जोक सांगतात, बरोबर प्रार्थना करतात, आणि खाटेवरच्या सिस्टरलाही इतरांसाठी प्रार्थना करायचं काम असतंच. रिटायर कोणी होतच नाही. तिकडेच १९८६ पासून ७५ च्या पुढच्या ६७८ सिस्टरांचा अभ्यास झाला, त्यात काहींच्या मेंदूत मृत्यूनंतर अल्झायमरच्या खुणा भरपूर सापडल्या, पण जिवंतपणी डोकं एकदम शाबूत. कशामुळे, ते एका वाक्यात सांगता येणार नाही, पण काम काढून घेतलं की माणूस मिटतो हे मी घरातच बघितलंय.

म्हणून पुढच्या वेळी घरातल्या नाहीतर शेजारच्या कुठल्या पोराची बीजगणिताची वही न्या, खोटंखोटं नाही, खरोखर अडलेली गणितं. पेन मात्र लाल. निळ्याने तपासलेलं त्यांना चालायचं नाही, हे तुम्हाला मी काय सांगणार!